रुथॅनाचा केक, मेपलच्या साखरेचा

टेसी पासमोरने जमवलेल्या त्रेसष्ट पाककृतींमध्ये मौनात बिघडेल अशी एकही नव्हती.

हे तिने मुद्दाम पाहिलं होतं. फिलाडेल्फियात छापलेली स्वयंपाकाची दोन-तीन पुस्तकं तिच्याकडे होती आणि त्यांत पानोपानी लिहिलेलं असे, 'भट्टीतून काढताच ताबडतोब वाढावे.' ते वाचून तिला हसू येई. असं लिहिणारी बाई मौनात प्रार्थना करणाऱ्या आम्हा क्वेकर पंथीयांच्या टेबलावर कधी जेवली नसणार. इथे सगळे जागेवर बसले की माना खाली जात आणि घर गप्प होई. कुणी प्रार्थना म्हणायची नाही, कुणी घसा खाकरायचा नाही. टेबलावरचं सगळ्यांत वडील माणूस मान वर करेल तेव्हा जेवण सुरू. टेसीचा सासरा हयात होता तेव्हा त्याची मान वर होईपर्यंत रश्श्यावर साय धरत असे.

म्हणून टेसीच्या वहीत तग धरणारे पदार्थ होते. साईच्या दाट रश्श्यातलं वाळवलेलं गोमांस, कोंबडी आणि सुकवलेला मका, सुक्या चेरींचं पुडिंग. पुडिंग लिननच्या फडक्यात बांधून उकडायचं, सुती फडक्यात नाही. कापूस कुणाच्या हातांनी वेचलाय हे माहीत असताना त्यात पुडिंग बांधायचं नाही, असं तिने ठरवून अकरा वर्षं झाली होती. साखरेचंही तेच.

अकरा वर्षांपूर्वी एक बाई त्यांच्या घरी तीन दिवस राहिली होती. दक्षिणेतल्या गुलामीतून पळून आलेली, उत्तरेकडे निघालेली. अशांना नाव विचारायचं नसतं, म्हणून टेसीने विचारलं नाही. बाईच्या दोन्ही हातांवर कोपरापर्यंत जुने भाजल्याचे डाग होते. निघायच्या दिवशी टेसीने तिच्यापुढे गोड पाव ठेवला, तर तिने तो अलगद बाजूला सारला. "साखर मी कढवलीय," ती म्हणाली. "मला नको." ती गेल्यावर टेसीने घरात होती ती साखरेची ढेप ओढ्यात नेऊन सोडली. संध्याकाळी नवऱ्याला, इनॉकला, सांगितलं, की यापुढे चहात मेपलच्या झाडाची साखर, नाहीतर काही नाही. इनॉक म्हणाला, काही नाही चालेल. तो अजून बिनसाखरेचाच चहा पितो.

ही वही छापायची, असं टेसीने मनावर घेतलं ते १८५३ च्या उन्हाळ्यात. तालुक्याच्या गावातला छापखाना तयार होता. अडचण अशी की कृती तिच्या एकटीच्या नव्हत्या; फेअरस्प्रिंगच्या क्वेकर सभेतल्या घराघरातून तिने त्या विचारून, पाहून, स्वतः तीन-तीनदा करून उतरवल्या होत्या. पहिल्या पानावर 'फेअरस्प्रिंगच्या स्त्रियांकडून' असं लिहायचं तर त्या स्त्रियांच्या मासिक सभेची संमती हवी. आणि आमच्यात हात वर करून मोजत नाहीत. सगळ्यांच्या मनाला पटेपर्यंत थांबतात. एकीच्या जरी मनाला पटलं नाही, तरी थांबतात.

ती एक निघाली रुथॅना यार्नल.

रुथॅना अठ्ठ्याहत्तर वर्षांची होती. सभाघरात पुढच्या बाकावर, सगळ्यांकडे तोंड करून बसायची, आणि वर्षातून चार-पाच वेळा बोलायची. त्यामुळे बोलली की लोक आठवडाभर तेच चघळत. सभेची चिटणीस सिबिला हूप्स हिने टेसीचं म्हणणं वाचून दाखवलं. बायकांनी माना डोलावल्या. सिबिलाने लेखणी शाईत बुडवली. तेवढ्यात रुथॅना उभी राहिली.

"मला स्वस्थ वाटत नाही," ती म्हणाली आणि खाली बसली.

सिबिलाने लेखणी पुसून ठेवली.

टेसीने तिला आवारात, घोडे बांधायच्या छपराशी गाठलं. आमच्यात लहानथोर सगळ्यांना तूच म्हणतात, राजा भेटला तर त्यालाही म्हणतील, त्यामुळे भांडण करायला सोपं जातं. पण रुथॅनाला तू म्हणतानाही माणसाची पाठ आपोआप ताठ होई.

"कशामुळे स्वस्थ वाटत नाही, ते सांग," टेसी म्हणाली.

"वहीत माझा केक आहे."

"आहे. तूच दिलास."

"मी दिला तो साखरेचा. तू लिहिलास तो मेपलच्या साखरेचा. केलास का तसा?"

टेसीचे कान तापले. बासष्ट कृती तिने तीन-तीनदा केल्या होत्या. ही एक केली नव्हती. रुथॅनाच्या कृतीत जिथे साखर होती तिथे मेपलची साखर असं लिहून मोकळी झाली होती. साखरेच्या जागी साखर, त्यात काय करून पाहायचं?

"नाही केला," तिने कबूल केलं.

"मग न पाहिलेली गोष्ट पाहिली म्हणून छापणार तू. वर माझं नाव घालून." रुथॅना गाडीत चढायला लागली, टेसीने हात पुढे केला, तो तिने घेतला, पण आभार मानले नाहीत. "वजनाला दहा अंडी, अंड्यांच्या वजनाची साखर, त्याच्या निम्मं पीठ. दुसरं काही नाही त्यात. साखर बदललीस तर उरलं काय? तो फुगणार नाही, टेसी पासमोर. फुगला की ये माझ्याकडे. तोवर मला स्वस्थ वाटणार नाही."

बरं, केक वगळून टाकायचा, असं इनॉकने सुचवलं. बासष्ट काय कमी आहेत? टेसीने त्याच्याकडे अशा नजरेने पाहिलं की त्याने पुन्हा वर्तमानपत्र उघडलं.

फेअरस्प्रिंगमध्ये लग्न असो की दफन, रुथॅनाचा केक असायचाच. उंच, पिवळाधमक, हाताने दाबला तर पुन्हा वर येणारा. टेसीची मुलगी ऑर्फा सहा वर्षांची असताना वारली, त्याला एकोणीस वर्षं झाली होती. दफनाच्या दिवशी घर माणसांनी भरलं होतं, आणि दुसऱ्या दिवशी कुणीच नव्हतं. दुसऱ्या दिवशी रुथॅना आली. फडक्यात गुंडाळलेला केक घेऊन आली, स्वयंपाकघरात टेसीच्या शेजारी बाकावर बसली आणि तासभर काही बोलली नाही. मग एक तुकडा मोडून तिच्या हातावर ठेवला. चार दिवसांत टेसीच्या तोंडात गेलेला तो पहिला घास. तो केक पुस्तकात नाही, तर ते पुस्तक कुणाचं? आणि ज्या साखरेचं नाव काढल्यावर ते भाजलेले हात दिसतात, ती साखर लिहायची, तर ते पुस्तक तिचं कसं?

दोन्ही नको होतं. दोन्ही नको म्हटल्यावर एकच वाट उरली, ती म्हणजे केक फुगवायचा.

आठव्या महिन्यात, म्हणजे ऑगस्टात, तिने सुरुवात केली; आमच्यात महिने नावाने नाही, आकड्याने सांगतात. तराजूच्या एका पारड्यात दहा अंडी, दुसऱ्यात किसलेली मेपलची साखर. पिवळं वेगळं, पांढरं वेगळं. बर्चच्या झाडाच्या काटक्यांच्या जुडीने पांढरं फेटायचं, भांडं उलटं केलं तरी सांडणार नाही इतकं. त्याला पाऊण तास लागतो आणि तेवढ्या वेळात खांदा आपला आहे असं वाटेनासं होतं. लिंबाची साल, पीठ हलक्या हाताने, आणि लोखंडी चुलीच्या भट्टीत.

पहिला केक विटेसारखा झाला. इनॉकने तो खाल्ला. दुसरा काठाशी करपला आणि मधे ओला राहिला. तोही इनॉकने खाल्ला. पाचव्याला तो म्हणाला, "टेसी, डुकरांवरही जरा विश्वास टाक." मग सहाव्यापासून डुकरं.

कोंबड्यांची अंडी पुरेनात, तेव्हा तिने जावेकडची आणली. साखर ओलसर आहे म्हणून फुगत नसेल, असं वाटून तिने ती चुलीच्या कोमट कडेला वाळवली. मग कुटली. मग दोनदा चाळली. भट्टी एकदा जास्त तापवली, एकदा कमी. प्रत्येक वेळी काय बदललं ते वहीच्या मागच्या पानावर लिहिलं, कारण एकच चूक पुन्हा पुन्हा करायला तिच्याकडे खांदे दोनच होते. बाराव्या केकपासून एक गोष्ट लक्षात आली. केक फुगायचा. भट्टीचं दार उघडलं की छान उंच, रुथॅनाच्या केकसारखा उभा असायचा. बाहेर आला, की मधोमध थरथरायचा, आणि पाच-सात मिनिटांत बसायचा. बशीसारखा खोल.

"मग तिला भट्टीपाशीच बोलाव," इनॉक म्हणाला. "फुगलेला दाखव आणि दार लाव."

"इनॉक."

"फुगला की ये, असं म्हणाली ना ती? बसला तर काय, ते नाही बोलली."

टेसी हसली, पण अंडी फोडायची थांबली नाही. तो चेष्टा करत होता, हे दोघांनाही माहीत होतं. ती चेष्टा नंतर तिच्या अशी अंगावर येईल, हे मात्र माहीत नव्हतं.

अकराव्या महिन्यात त्रैमासिक सभा फेअरस्प्रिंगला भरली. लांबलांबची माणसं आली, आणि दुपारचं जेवण ज्या घरांत वाटून दिलं होतं त्यांत पासमोरांचं घर होतं. चौदा माणसं, त्यांत सिबिला, आणि रुथॅना. टेसीने कोंबडी-मका केला, सफरचंद भरून चार ॲपल-पाय भाजले, आणि तेविसावा केक केला. या वेळी साखर दोन दिवस वाळवलेली, कापडातून चाळलेली. केक भट्टीत ठेवून ती मका ढवळत राहिली.

पाहुणे आले तेव्हा केक अजून भट्टीतच होता. बायका शाली काढून बैठकीत बसल्या. रुथॅना मात्र काठी टेकत सरळ स्वयंपाकघरात आली. तिने वास घेतला.

"किती वेळ झाला ठेवून?"

"झालाच असेल आता."

रुथॅनाने एप्रनचा पदर हाताला गुंडाळला आणि स्वतःच दार उघडलं. केक भांड्याच्या काठावर चार बोटं चढला होता. वरची साल गडद तांबूस, फटीतून वाफ. आधीच्या बावीस केकांत इतका उंच एकही झाला नव्हता. रुथॅना वाकून बराच वेळ पाहत राहिली. मग तिने दार लावलं.

"माझं चुकलं," ती म्हणाली. "पुढच्या सभेत मी सांगते तसं. माझी हरकत नाही."

आणि काठी टेकत बैठकीत निघून गेली.

टेसी तिथेच उभी राहिली. तीन महिने जे ऐकायला ती झटली होती, ते शब्द अजून स्वयंपाकघरात होते. तिने केक बाहेर काढला, फळीवर ठेवला. तो मधोमध थरथरला.

तिला कळलं. तेवीस केकांनंतर कळायला वेळ लागत नाही.

आमच्याकडे गोडासकट सगळं एकदमच टेबलावर येतं, पण केक मागाहून आणला तर कुणी विचारलं नसतं. इथेच कापायचा, तुकडे बशीत रचायचे, वरून घट्ट साय ओतायची. चव उत्तम होती. तुकड्यावरून उंची कोण सांगणार? रुथॅना सभेत उठून म्हणेल, मी फुगलेला पाहिला. आणि ते खरंही असेल. सुरी टेसीच्या हातात होती. साईचं भांडं हाताशी होतं. बाहेरून इनॉकचा आवाज आला, सगळे बसलेत म्हणून.

तिने सुरी खाली ठेवली. केक भांड्यातून सोडवला, पांढऱ्या मोठ्या थाळीत घेतला, आणि उघडाच नेऊन टेबलाच्या मधोमध ठेवला, रुथॅनाच्या बरोब्बर समोर. अजून तो उंच होता. एक-दोघी कौतुकाने पुटपुटल्या. टेसी आपल्या जागी बसली. माना खाली गेल्या.

टेबलावर रुथॅनाच सगळ्यांत मोठी होती. तेव्हा मौन तिच्या हातात.

टेसीने आयुष्यात हजारो जेवणांआधी मान खाली घातली होती, पण इतकं मन लावून कधी नाही. रश्श्याच्या भांड्यावरचं झाकण एकदा टिकटिकलं. कुणाच्या तरी बुटाने फरशी घासली. आणि मग, अगदी हळू, कुणी झोपेत सुस्कारा टाकावा तसा आवाज आला. तिने वर पाहिलं नाही. पाहायची गरज नव्हती. थोड्या वेळाने पुन्हा एक सुस्कारा. मौन संपेना. म्हातारी मुद्दाम लांबवते आहे की काय, असं तिच्या मनात आलं, आणि मौनात असं मनात आणल्याबद्दल ती शरमली, आणि तरी आलंच.

शेवटी रुथॅनाने मान वर केली. सगळ्यांनी केली. पांढऱ्या थाळीत केक बसला होता. कडा उभ्या, आणि मधे खड्डा.

कुणीच मक्याकडे हात नेला नाही.

"बसला," रुथॅना म्हणाली.

"बसतो," टेसी म्हणाली. "दर वेळी बसतो. हा तेविसावा."

"तुला माहीत होतं, बसणार म्हणून?"

"बाहेर काढला तेव्हा कळलं."

"मग इथे कशाला आणलास? मी तर हो म्हटलं होतं."

टेसीने तिच्याकडे सरळ पाहिलं. "तू फुगलेला पाहिलास आणि सभेत तसं सांगणार होतीस. लबाडी माझी, आणि तोंड तुझं. ते मला नको." तिने श्वास घेतला. "साखर मी बदलणार नाही, रुथॅना. तुझा केकही वगळणार नाही. बसतो, असंच लिहीन. तरी तुला स्वस्थ वाटलं नाही, तर पुस्तक राहू दे. पुढच्या वर्षी परत विचारीन. त्याच्या पुढच्या वर्षीही विचारीन."

"तोवर मी मेलेली असेन."

"मग सिबिलाला विचारीन."

सिबिलाने घाईघाईने नॅपकिन तोंडाला लावला. इनॉक थाळीकडे बघत होता. त्याचे कान लाल झाले होते, आणि ते हसण्याने की आणखी कशाने हे टेसीला कळलं नाही.

रुथॅनाने सुरी मागितली. स्वतःच खड्ड्याच्या मधून एक तुकडा कापला, साय न घेता, कोंबडीच्या आधी. सगळे पाहत असताना तिने तो सावकाश संपवला. तिला दात थोडे होते, वेळ लागला. मग तिने दुसरा तुकडा घेतला.

"जड आहे," ती म्हणाली. आणि थोड्या वेळाने, "धुराचा वास येतो. वाईट नाही. मका द्या इकडे."

त्या दिवशी त्याबद्दल एवढंच बोलणं झालं.

बाराव्या महिन्याची स्त्रियांची सभा थंडीत भरली. शेगडी पेटवली होती तरी श्वासाची वाफ दिसत होती. सिबिलाने पुस्तकाचा विषय पुन्हा वाचला आणि सगळ्यांनी न बघितल्यासारखं करून पुढच्या बाकाकडे बघितलं. रुथॅना उठायला लागली. शेजारणीने हात दिला, तो तिने नाकारला.

"केक बसतो," ती म्हणाली. "मी पाहिलाय. तसंच लिहिणार असेल, तर माझी हरकत नाही."

सिबिलाने लेखणी बुडवली. टेसी उभी राहिली, कारण एक गोष्ट राहिली होती आणि ती न विचारता पुस्तक छापून आलं असतं तर ते तिला सलत राहिलं असतं. तिने विचारलं, बसलेल्या केकवर रुथॅनाचं नाव ठेवायचं की काढायचं? पन्नास वर्षं तो उंच म्हणून ओळखला गेला होता. काढ म्हणाली तर ती काढेल.

रुथॅना खाली बसली होती. पुन्हा उठायला तिला वेळ लागला. 

"पन्नास वर्षं मी तो केला," ती म्हणाली. "लग्नांत नेला, मयताच्या घरी नेला. तुझ्याही घरी आणला, टेसी. इतका उंच कसा होतो ते सगळ्यांनी विचारलं. त्यातली साखर कुठून येते ते कुणी विचारलं नाही. मीही विचारलं नाही. मला माहीत होतं, म्हणून." ती थांबली. तिने काठी दुसऱ्या हातात घेतली. "बसलेला पाहिला, की कुणीतरी विचारेल, का बसला म्हणून. नाव राहू दे."

सिबिलाने लिहिलं. लेखणीचं टोक कागदावर खरखरत होतं. टेसी खाली बसली आणि तिला एकदम जाणवलं, की तिचा उजवा खांदा चार महिने दुखतो आहे.

पुस्तक पुढच्या वसंतात आलं. पातळ, करड्या पुठ्ठ्याचं, लिननच्या दोऱ्याने शिवलेलं. टेसीने पहिली प्रत रुथॅनाकडे नेली. रुथॅनाने चष्मा लावून एकच पान काढलं आणि ओठ हलवत वाचलं. त्यावर दहा अंडी होती, तराजू होता, पाऊण तास फेटणं होतं, आणि शेवटी असं होतं:

'साखर मेपलच्या झाडाचीच घ्यावी, दुसरी घेऊ नये. केक भट्टीत चांगला फुगेल. बाहेर काढल्यावर मौन संपेपर्यंत तो मधे बसेल. बसू द्यावा.'